दोन्ही चौकोनांत खूण

प्रति,
महाराष्ट्रातल्या फिल्म सोसायट्यांच्या कार्यकारिणी आणि लघुपट महोत्सवांच्या निवड समित्या यांस

सप्रेम नमस्कार.

तुमच्या प्रवेशिकेतला चौथा मुद्दा असा आहे : ‘चित्रपटाचा प्रकार – कथापट / माहितीपट (लागू असेल तिथे खूण करा)’. शेजारी दोन छोटे चौकोन. गेल्या वर्षी माझ्या चौदा मिनिटांच्या फिल्मसाठी प्रवेशिका भरताना मी दोन्ही चौकोनांत खूण केली. आठवड्याभराने तुमच्यापैकी एकांचा फोन आला. बोलणारे गृहस्थ फार सभ्य होते. म्हणाले, “एकच काहीतरी ठेवा ना, आम्हाला यादी करायला बरं पडतं.” मी म्हटलं, मला खरंच ठरवता येत नाहीये. “तुम्ही स्वतःच आहात ना त्यात? मग माहितीपट.” मी म्हटलं, हो, पण मी त्यात अभिनय करतोय. पलीकडे जरा वेळ शांतता. मग ते म्हणाले, “म्हणजे ते खरं नाही का?”

फोनवर मला उत्तर देता आलं नाही. फोनवर माझा आवाज अजूनही अर्धी पट्टी खाली उतरतो, कॉलेजात लावून घेतलेली सवय आहे. म्हणून लिहून देतोय.

मला तुम्ही ओळखता, फक्त या बाजूने नाही. मी संकलक. दुसऱ्यांची लग्नं जोडून माझं पोट भरतं, म्हणजे लग्नाचे व्हिडिओ. अंतरपाट दूर झाल्यावर नवऱ्यामुलाच्या तोंडावर नेमकं काय आलं, कुठला काका अक्षता टाकायच्या विसरून मोबाइल बघत होता, हे त्या घरच्यांच्या आधी मला कळतं. मधून एखाद्या पतसंस्थेची सुवर्णमहोत्सवी फीत, मधून मालिकेचं उसनं काम. सिनेमा मात्र शिकलो तो तुमच्या खुर्च्यांवर बसून. कॉलेजच्या खर्चातून वर्गणी वाचवली, पुण्यात लॉ कॉलेज रोडवरच्या फिल्म अर्काइव्हच्या अंधारात कितीतरी संध्याकाळी घालवल्या, सबटायटल नसलेले हंगेरियन सिनेमेसुद्धा कौतुकाने पाहिले. तेव्हा हे भांडण घरातलं आहे. घरातल्यांशी भांडताना माणूस जरा जास्त बोलतो, तेवढं सांभाळून घ्या.

फिल्म काय आहे ते थोडक्यात. सत्ताविसाव्या ते तिसाव्या वर्षाच्या दरम्यान मी तीनदा मुलगी बघायला गेलो. आपण समलिंगी आहोत हे मला तोवर दहा वर्षं तरी माहीत होतं. घरी माहीत नव्हतं. प्रत्येक वेळी आदल्या रात्री मी आईच्या लोखंडी कपाटाच्या आरशासमोर स्टूल घेऊन बसायचो आणि तालीम करायचो. गुडघ्यांत किती अंतर ठेवायचं. बशी कशी धरायची. हसू कुठे थांबवायचं. एका मामांनी लहानपणीच सांगून ठेवलं होतं, “हात हलवत बोलू नकोस, बायकी दिसतं.” म्हणून डावा हात मांडीखाली. ‘स्वयंपाक नाही आला तरी चालेल, मला येतो’ हे वाक्य मी असं टाकायचो की मुलीच्या आईचा चेहरा उजळायचा. तेवढं एक वाक्य खरं होतं.

मग एकेचाळिसाव्या वर्षी मित्राच्या घरचा सोफा, बशीभर पोहे आणि ट्रायपॉडवर लावलेला कॅमेरा, एवढ्या सामानावर मी त्या तिन्ही संध्याकाळची माझी उत्तरं पुन्हा दिली. फक्त उत्तरं. प्रश्न ऐकू येत नाहीत. समोरची खुर्ची रिकामी. चार टेक केले. तिसऱ्या टेकमध्ये ‘मला वाचनाची आवड आहे’ म्हणताना डावा हात मांडीखालून सुटला आणि हवेत गेला. तो टेक मी ठेवला.

आता यातलं खरं कुठलं आणि वठवलेलं कुठलं? तुमच्या चौकोनांमागे एक समजूत दिसते. आधी साधंसरळ जगणं असतं, मग कॅमेरा येतो आणि माणूस नाटक करायला लागतो. माझ्याकडे क्रम उलटा होता. नाटक त्या तीन दिवाणखान्यांत झालं. संवाद पाठ, हालचाली बसवलेल्या, प्रेक्षक समोर, मध्यंतरात चहा. कॅमेऱ्यापुढे मी त्याचा चौथा प्रयोग लावला, आणि त्यात पहिल्यांदाच माझा हात माझ्या मनासारखा वागला. माझ्यासारख्या बहुतेकांनी सिनेमात येण्याआधी वीसपंचवीस वर्षं अभिनय केलेला असतो, विनामोबदला. त्यामुळे आमच्यातला कुणी स्वतःवर फिल्म करायला बसला की तो ‘नैसर्गिक’ वागत नाही. नैसर्गिक कसं वागतात हे त्याने तालमी करूनच शिकलेलं असतं.

मराठी वाचकाला हे परकं वाटू नये. १९७८ साली आलेल्या ‘बलुतं’मध्ये दगडू मारुती पवार आपली कहाणी दया पवारांना सांगतो. माणूस एकच. एक भोगून आलेला, दुसरा लिहितावाचता, नोकरदार झालेला. ही मांडणी रचलेली आहे हे उघड दिसतं, आणि तरी कुणी ते पुस्तक कादंबऱ्यांच्या कपाटात नेऊन ठेवलं नाही. सांगणारा आणि ज्याची गोष्ट सांगायची तो, यांच्यात अंतर पडलंय. त्या अंतराचंच तर आत्मकथन आहे. माझं दुखणं त्या दुःखाच्या शेजारी मांडायची माझी छाती नाही. मी रीत तेवढी उसनी घेतोय. (बालगंधर्वांचं उदाहरण मात्र देणार नाही. या विषयावर कुणीही बोलायला उभं राहिलं की पाचव्या मिनिटाला बालगंधर्व येतात. नारायणराव सिंधू होत होते. स्वतः नारायणराव होऊन ते कधी रंगमंचावर आले नाहीत, आणि आपला प्रश्न तोच आहे.)

तुमच्यापैकी बऱ्याच जणांकडे हार्ड डिस्कवर ‘टार्नेशन’ असणार. जोनाथन कॅवेट या टेक्ससच्या माणसाने स्वतःच्याच आयुष्यावर केलेला सिनेमा. जानेवारी २००४ मध्ये अमेरिकेतल्या सनडान्स महोत्सवाला आणि त्याच वर्षी फ्रान्समधल्या कान महोत्सवाला गेला. त्याची चर्चा निघाली की लोक आकडा सांगतात : २१८ डॉलर ३२ सेंट. ॲपलच्या संगणकाबरोबर फुकट मिळणाऱ्या आयमूव्हीवर जोडलेला सिनेमा, म्हणून कौतुक. (पुढे गाण्यांचे हक्क वगैरे घेताना खर्च काही लाख डॉलरांवर गेला, ते सहसा कुणी सांगत नाही. आपल्याला गरिबीची गोष्ट आवडते.) मला त्यातला आकडा आठवत नाही, एक अकरा वर्षांचा मुलगा आठवतो. डोक्याला रुमाल, तोंडाला रंग, आणि तो कॅमेऱ्याकडे बघत नवऱ्याच्या मारहाणीबद्दल जबानी देणारी एक बाई झालाय. दक्षिणेकडचा हेल, मध्येच तुटणारा श्वास. हे नाटक त्याला कुणी बसवून दिलेलं नाही. घरात तो एकटा आहे, कॅमेरा आहे, आणि घराबाहेर कुठेतरी त्याची आई आहे, जिला लहान वयात विजेचे झटके देऊन देऊन डॉक्टरांनी कायमची आजारी करून ठेवलं.

त्या दृश्याला तुम्ही कुठल्या चौकोनात टाकाल? बाई काल्पनिक. मुलगा खरा. त्याला जे सांगायचं आहे ते त्याच्या स्वतःच्या आवाजात सांगण्याइतकं वय नाही, शब्द नाहीत, म्हणून तो एका मार खाल्लेल्या बाईच्या आवाजात सांगतो. वीस वर्षांनी तोच मुलगा मोठा होऊन ते फुटेज टाइमलाइनवर ठेवतो. सुपर एटच्या फिती, व्हीएचएस, फोटो, आन्सरिंग मशीनवरचे निरोप. आणि मधे मधे पडद्यावर अक्षरं येतात ती तृतीयपुरुषी. ‘मी’ नाही, ‘जोनाथन’. दगडू आणि दया पवार पुन्हा भेटले म्हणा.

संकलक म्हणून मला त्यात आणखी एक गोष्ट दिसते, ती चर्चेत कधी निघत नाही. एकाच चेहऱ्याचे तीनचार तुकडे तो एका चौकटीत शेजारी शेजारी ठेवतो, रंग भडकवतो, तेच क्षण पुन्हा चालवतो. आयमूव्हीतले इफेक्ट म्हणजे आपल्या धंद्यात लग्नाच्या व्हिडिओतले इफेक्ट. बदामाच्या आकारात नवरानवरी आणतो ना आम्ही, त्याच जातीचे. सवंग हत्यारं. आणि त्याच हत्यारांनी तो आपलं डोकं आतून कसं दिसतं ते दाखवतो. मी ते पाहिल्यावर त्या आठवड्यात एका वधूपित्याचा अल्बम नीट करूच शकलो नाही.

हत्याराचा विषय निघालाच आहे तर अमेरिकेतल्या व्हिडिओ-कलावंत सेडी बेनिंग. १९८०च्या दशकाच्या शेवटी अमेरिकेत एका खेळण्यांच्या कंपनीने पीएक्सएल-२००० नावाचा मुलांचा कॅमेरा काढला होता. तो गाण्याच्या साध्या ऑडिओ कॅसेटवर चित्र घ्यायचा : काळंपांढरं, दाणेदार, भोवती जाड काळी चौकट. मिलवॉकीला राहणाऱ्या बेनिंगना तो पंधराव्या वर्षी वडिलांकडून नाताळात भेट मिळाला. वडील जेम्स बेनिंग स्वतः प्रायोगिक सिनेमे करणारे. बेनिंगना भेट तितकीशी आवडली नव्हती म्हणतात. मग खोलीचं दार लावून त्यांनी स्वतःचा डोळा, ओठ, हाताने लिहिलेल्या चिठ्ठ्या, बाहुल्या असं काय काय टिपायला सुरुवात केली. १९९२च्या ‘इट वॉझन्ट लव्ह’मध्ये त्या आळीपाळीने गुंड होतात, नखरेल नटी होतात, मिशी लावतात, आणि एका मुलीबरोबर हॉलीवूडला पळून जायची गोष्ट सांगतात. गाडी प्रत्यक्षात तळलेली कोंबडी विकणाऱ्या दुकानाच्या पार्किंगपर्यंतच पोचते. हॉलीवूड त्या खोलीतच घडतं. आपल्याकडे ज्या वयात मुलं स्नेहसंमेलनात दुसऱ्याची नक्कल करतात, त्या वयात हे चाललेलं होतं.

मार्लन रिग्ज या अमेरिकी दिग्दर्शकाच्या १९८९च्या ‘टंग्ज अनटाइड’चं नाव तुम्ही प्रास्ताविकात घेता, पण दाखवताना मी अजून कुणाला पाहिलं नाही. कृष्णवर्णीय समलिंगी पुरुषांबद्दलचा हा पंचावन्न मिनिटांचा व्हिडिओ. त्यात रिग्ज थेट आपल्याकडे बघून जॉर्जियातल्या लहानपणाबद्दल बोलतात, आणि मधे तोंडंच तोंडं दिसतात, अगदी जवळून, शिव्या घालणारी. मग कविता येते, नाच येतो, चुटक्या वाजवण्याचे प्रकार शिकवणारा एक अत्यंत विनोदी वर्ग येतो. रिग्ज विद्यापीठात पत्रकारिता शिकवायचे. साधा माहितीपट कसा करतात हे त्यांना तुमच्यामाझ्यापेक्षा जास्त कळत होतं. तो मार्ग सोडून त्यांनी पद्य घेतलं. १९९१ साली तो सार्वजनिक दूरचित्रवाणीवर लागणार म्हटल्यावर अनेक स्थानकांनी नकार दिला, आणि पुढच्या वर्षी अमेरिकेच्या अध्यक्षपदाच्या उमेदवारीच्या लढाईत पॅट ब्युकॅनन या उजव्या पुढाऱ्याने त्यातला तुकडा कापून आपल्या जाहिरातीत वापरला. संकलनाने काय काय करता येतं पाहा. १९९४ साली रिग्ज एड्सने गेले, वय सदतीस. शेवटच्या फिल्मचं काम ते रुग्णालयातल्या खाटेवरून करत होते.

आणि इंग्रज दिग्दर्शक डेरेक जार्मन. १९९३चा ‘ब्लू’. एकोणऐंशी मिनिटं पडद्यावर फक्त निळा रंग. एड्समुळे जार्मन यांची दृष्टी जात चालली होती, म्हणून चित्रच काढून टाकलं. राहिला आवाज, आणि तोही एकट्याचा नाही. जार्मन यांचा ‘मी’ चार जण मिळून बोलतात, स्वतः जार्मन आणि त्यांचे तीन सहकारी नट. ब्रिटनच्या चॅनल फोरने तो दाखवला त्याच वेळी बीबीसी रेडिओवरही लावला होता. आत्मचरित्राचा आणि एका चेहऱ्याचा संबंध असलाच पाहिजे असं वाटणाऱ्यांनी तो एकदा दिवा मालवून ऐकावा. यापुढे मी त्याबद्दल काही बोलत नाही. तो बोलण्यासारखा नाहीच.

आता आपल्याकडे येतो. इथे त्या दोन चौकोनांचा आणखी एक अर्थ होता, तो कदाचित तुमच्या लक्षात आला नसेल. ६ सप्टेंबर २०१८ पर्यंत, मधली २००९ ते २०१३ ही चार वर्षं सोडली तर, भारतीय दंड संहितेचं कलम ३७७ आमच्या डोक्यावर होतं. कागदावर ते ‘अनैसर्गिक’ संभोगाच्या कृत्याला शिक्षा सांगत होतं, ओळखीला नव्हे. पण पोलीस चौकीत हा फरक समजावून घ्यायला कुणाला वेळ असतो? त्या काळात ‘हे माझं आहे आणि हे खरं आहे’ असं म्हणत माहितीपटाच्या चौकोनात खूण करणं म्हणजे कबुलीजबाबावर सही करण्यासारखं होतं. कथापट म्हणालं की वाचलो, पण आपलंच आयुष्य नाकारलं. आमच्या लोकांनी त्या दोन्हींच्या मधल्या फटीत सिनेमा केला तो कलेच्या हौसेने जितका, तितकाच वकिलाच्या सल्ल्याने. दिग्दर्शक रियाद वाडियांनी १९९६ मध्ये ‘बॉमगे’ हा लघुपट केला तो पुण्याच्या विद्यापीठात इंग्रजी शिकवणाऱ्या आर. राज राव यांच्या कवितांवर. कवितेतला ‘मी’ कोण, असं न्यायालय विचारू शकत नाही.

आणि तरीही एक जण उघड्यावर आला. निशित सरन. दिल्लीचा मुलगा, हार्वर्डला शिकत होता. पदवीदान समारंभाला आई तिकडे गेली तेव्हा कॅमेरा चालू ठेवून त्याने आपण समलिंगी असल्याचं तिला सांगितलं. ‘समर इन माय व्हेन्स’, १९९९. त्याच दिवसांत तो एचआयव्हीच्या चाचणीच्या निकालाचीही वाट बघत होता, तेही फिल्ममध्ये आहे. मी ती पंचवीसेक वर्षांचा असताना एका मित्राच्या लॅपटॉपवर पाहिली आणि पहिल्यांदा मला राग आला. निशितचा. आईच्या चेहऱ्यावर जे उमटतंय ते तिचं आहे. तिला ते कॅमेऱ्याबाहेर, स्वयंपाकघरात, पाठमोरं उभं राहून उमटवायचा हक्क होता. त्याने संवाद मनात कितीदा घोळवला असेल. तिला मात्र तालीम मिळाली नाही. एकाचा प्रयोग आणि दुसऱ्याचा अपघात, एकाच चौकटीत.

हा प्रश्न विचारा ना आम्हाला. हा अवघड आहे. ‘खरं की खोटं’ सोपं आहे, त्याला आम्ही झोपेत उत्तर देऊ. पण ‘तुझ्या खऱ्यात आणखी कोण कोण सापडलंय, आणि त्यांना विचारलंस का’ असं विचारलंत तर आमची खरी परीक्षा होईल. कॅवेटनाही तो प्रश्न लागू आहे; आजारी आईवर ते कॅमेरा रोखून धरतात तेव्हा मी आजही खुर्चीत अस्वस्थ होतो, आणि सिनेमा थोर आहे म्हणून ती अस्वस्थता कमी होत नाही. निशित २००२ साली दिल्लीत अपघातात गेला, पंचवीस-सव्विसाव्या वर्षी. कलम ३७७ची लढाई सर्वोच्च न्यायालयात गेली तेव्हा समलिंगी मुलांच्या पालकांनी मिळून आपलं म्हणणं मांडलं होतं. त्या पालकांत त्याची आई मिन्ना सरन होत्या. म्हणजे त्या दिवशी कॅमेऱ्यासमोर जे झालं त्याचं पुढे त्यांनी स्वतःच्या मर्जीने काहीतरी केलं. माझा राग त्याने गेला नाही, पण निवळला.

माझ्या फिल्ममधली रिकामी खुर्ची. तुमच्या समितीतल्या एका परीक्षकांनी शेऱ्यात लिहिलं होतं, ‘रिक्त आसनाचे प्रतीक प्रभावी.’ प्रतीकबितीक काही नाही. त्या खुर्चीत तीन मुली बसल्या होत्या. तयार होऊन, कदाचित त्यांनीही आरशासमोर तालीम करून. त्यांची संध्याकाळ मी फुकट घालवली आणि नंतर ‘पत्रिका जुळत नाही’ असा निरोप पाठवला. त्यांना शोधून परवानगी मागायची हिंमत नव्हती, आणि न विचारता त्यांच्या जागी नटी बसवणं बरं दिसलं नसतं. म्हणून रिकामी.

आता ते जूनचं, म्हणजे समलिंगी अभिमानाच्या ‘प्राइड’ महिन्याचं. तुमच्यापैकी एका संस्थेने दोन वर्षांपूर्वी ‘प्राइड’निमित्त एक संध्याकाळ ठेवली होती. तीन लघुपट, तिन्ही स्वतःवरचे. हेतू चांगला होता, बटाटेवडे उत्तम होते. फिल्म संपल्यावर मंचावर तीन खुर्च्या आणि त्यांत एक मानसोपचारतज्ज्ञ, एक समुपदेशक, एक वकील. दिग्दर्शक तिघेही सभागृहात बसलेले. त्यांना शेवटी उभं करून गुलाबाचं फूल दिलं. एका काकूंनी प्रश्न विचारला की मुलांमध्ये हे लवकर कसं ओळखावं. डॉक्टर चांगले होते, त्यांनी शांतपणे समजावलं. पण छायाचित्रण कुणी विचारलं नाही. त्यातल्या एका फिल्ममध्ये एका मुलीने आपल्या आजीची नऊवारी नेसताना सलग सहा मिनिटांचा शॉट घेतला होता. कासोटा घालायला ती चुकते, सोडते, पुन्हा सुरू करते. तो शॉट तोडला का नाहीस, असं तिला कुणी विचारलं असतं तर ती रात्रभर बोलली असती. ब्रेसाँसारख्या फ्रेंच दिग्दर्शकाच्या सिनेमानंतर तुम्ही हाडवैद्य बोलावता का?

बेल्जियमच्या दिग्दर्शिका शांताल आकरमान यांनी १९७४ साली ‘ज तु इल एल’मध्ये स्वतः काम केलं. खोलीत एकटी बाई गादी या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत ओढते, पत्रं लिहिते, पिशवीतली साखर चमच्याने खात राहते. पुढे ती एका ट्रकवाल्याबरोबर प्रवास करते आणि शेवटी आपल्या मैत्रिणीच्या घरी पोचते. पुढे समलिंगी महोत्सवात आपला सिनेमा दाखवू द्यायला त्यांनी नकार दिला होता. मी इतका कडक नाही. २०१० पासून मुंबईत ‘कशिश’ हा असाच महोत्सव भरतो, तिथे पहिल्यांदा गेलो तेव्हा सिनेमापेक्षा शेजारच्या रांगेकडेच जास्त बघत होतो, इतका आनंद झाला होता. अशी जागा लागते. पण आकरमान यांचा वैताग तुमच्या गुलाबाच्या फुलानंतर मला समजला.

आणि हे सगळं आता का, तर ‘साबर बोंडं’. रोहन कानवडे यांचा सिनेमा २०२५ मध्ये सनडान्सला परदेशी कथापटांच्या स्पर्धेत सर्वोच्च पारितोषिक घेऊन आला, सप्टेंबरात आपल्या थिएटरांत लागला, आणि तुमचे सगळे व्हॉट्सॲप ग्रुप अभिमानाने भरून वाहिले. माझाही. वडिलांच्या सुतकाचे दहा दिवस, गाव, लग्नाचा तगादा, लहानपणचा मित्र. कानवडे यांनी स्वतःच्या वडिलांच्या जाण्यानंतरच्या दिवसांतून तो काढलाय हे त्यांनी अनेकदा सांगितलंय. त्यांनी आपलं आयुष्य भूषण मनोज या नटाला दिलं आणि स्वतः कॅमेऱ्यामागे राहिले. तोही एक मार्ग. पार्श्वसंगीत नाही, कॅमेरा एका जागी, आणि माणसं आपल्याच घरातल्यासारखी वावरतात. तिथे कुणी विचारलं नाही की हे खरं आहे का. नट होता म्हणून. स्वतःच नट झालेल्याला मात्र विचारता.

माझं म्हणणं एवढंच. त्या दोन चौकोनांच्या मधली तिरकी रेघ काढून टाका. तिसरा चौकोन करू नका, त्याला ‘क्वीअर’ किंवा ‘प्रायोगिक’ नाव द्याल आणि आम्ही सगळे त्यात कायमचे राहायला जाऊ. रिग्ज दाखवायचे तर जूनची वाट न बघता फेब्रुवारीत दाखवा, एखाद्या तमाशावरच्या माहितीपटाच्या जोडीला. दोन्हींत बोलणं, गाणं आणि प्रेक्षकाला डोळा मारणं आहे. चर्चेला संकलक बोलावा, कुणीही, मीच पाहिजे असं नाही. आणि प्रवेशिकेत एक ओळ जोडा : चित्रपटात दिसणाऱ्या किंवा उल्लेख असलेल्या घरच्यांना तो दाखवला आहे काय? ही ओळ सगळ्यांना लावा, नातवाने आजोबांवर केलेल्या कौतुकपटालासुद्धा.

ही सूचना करायच्या आधी मी ती स्वतःला लावली. दिवाळीत आईला फिल्म दाखवली, तिच्याच घरी, लॅपटॉप डायनिंग टेबलावर ठेवून. मी कसा आहे हे तिला गेली काही वर्षं माहीत आहे. कांदेपोह्यांचं आम्ही कधी बोललो नव्हतो. तिन्ही वेळा ती माझ्या शेजारीच बसलेली होती, म्हणजे माझ्या बाजूची एकमेव साक्षीदार. पूर्ण पाहिली. मधे एकदा चष्मा पुसला. एका जागी मी तिला न सांगता घेतलेला, वाल सोलतानाचा तिचा पाठमोरा शॉट होता, तो काढ म्हणाली. काढला. मग जरा वेळाने म्हणाली, “तिसऱ्या घरी पोहे नव्हते. शिरा होता. तू दोनदा मागून खाल्लास.”

या वर्षीची प्रवेशिका सोबत जोडली आहे. फिल्म तीच, चाळीस सेकंदांनी लहान. बशीत अजून पोहेच आहेत. खूण मी दोन्ही चौकोनांत केली आहे. शुल्क गेल्या वर्षीचं जमा धरावं, ही विनंती.

आपला,
एक आजीव सभासद
(नाव आणि क्रमांक तुमच्या वहीत आहे)